परीस आणि गारगोटी

नाशिकच्या अंबडचे नाव काढले की आज औद्योगिक वसाहत आठवते, आणि वसाहत म्हटली की लोखंड आठवते: लेथवर फिरणारे, कातले जाणारे, यंत्रांचे सुटे भाग होऊन बाहेर पडणारे. लोखंडाचे सोने करण्याचा तिथला मार्ग एकच, पाळीमागून पाळी. मात्र तिथून जवळच, मुंबई-आग्रा महामार्गालगत, पांडवलेण्याचा डोंगर उभा आहे. आणि त्याच्याकडे पाहताना आम्हांला आठवते ते मराठी वाङ्मयातील एक काल्पनिक खनिज, परीस.

'परीस' हा शब्द संस्कृत 'स्पर्शा'वरून आला. चिंतामणी मनातली इच्छा पुरवतो, स्यमंतक दररोज आठ भार सोने प्रसवतो. परीस यांतले काहीच करीत नाही. तो फक्त शिवतो. लोखंड पालटते, परीस तसाच राहतो. वेदान्ती परंपरेने आणि आपल्या संतांनी या दगडाचे कौतुक केले, तसे त्याचे उणेही दाखवले: परीस लोखंडाला सोने करील, परीस करणार नाही, सद्गुरू मात्र शिष्याला आपल्यासारखे करतो.

महिपतींच्या 'भक्तविजया'त (शके १६८४, म्हणजे इ. स. १७६२) आलेली परीसा भागवताची कथा सर्वपरिचित आहे. रुक्मिणीच्या कृपेने मिळालेला परीस नामदेवांच्या घरी राजाईच्या हाती येतो, नामदेव तो चंद्रभागेत टाकून देतात, परीसा भागवत कासावीस होऊन तो परत मागतो. नामदेव पात्रातून ओंजळभर खडे काढतात आणि म्हणतात, यातला तुझा ओळखून घे. पाहावे तो सगळेच परीस! ही कथा वैराग्याची म्हणून शिकवली जाते, आणि तसे शिकवण्यात चूक नाही. आम्हांला मात्र तिच्यातली ती ओंजळ अधिक महत्त्वाची वाटते. दुर्मीळ वस्तूला क्षुद्र ठरवून कथा थांबत नाही. ती पायाखालच्या खड्यांना दुर्मीळ वस्तूच्या पंक्तीला बसवते.

आपली भाषा एरवी या बाबतीत फार कठोर आहे. 'हिऱ्यापोटी गारगोटी' म्हणताना गारगोटीला काय वाटत असेल, याचा विचार कोणी केला नाही.

आता डोंगराकडे वळू. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी दख्खनवर लाव्ह्याचे थरावर थर पसरले. थिजताना त्यांत वायूचे बुडबुडे अडकून पोकळ्या राहिल्या, आणि पुढे खडकात मुरलेल्या उष्ण पाण्याने त्या पोकळ्यांत स्फटिक वाढवले: स्टिल्बाइट, स्कोलेसाइट, अपोफिलाइट. यांतल्या स्टिल्बाइट-स्कोलेसाइटांचे कूळ झिओलाइटांचे. १७५६ साली क्रोनस्टेट या स्वीडिश खनिजशास्त्रज्ञाने असा एक स्फटिक तापवला, तर तो जणू उकळू लागला, कारण त्याच्या सांगाड्यात पाणी दडलेले होते. म्हणून ग्रीक शब्द जुळवून त्याने नाव दिले 'उकळणारा दगड'. या कुळाचे कारखान्यात बनवलेले भाऊबंद १९६० च्या दशकापासून खनिज तेलाचे जड रेणू तोडून त्यांचे पेट्रोल करण्याच्या कामी आहेत. ते उत्प्रेरक आहेत, म्हणजे क्रिया घडवतात पण तिच्यात स्वतः खर्ची पडत नाहीत. बर्झेलियसने उत्प्रेरणाची कल्पना १८३५ मध्ये मांडली. तिच्यासाठी मराठीत दृष्टान्त हवा असता तर तो शतकानुशतके तयार होता. (व्यवहारातले उत्प्रेरक कालांतराने मंदावतात, हे खरे. परीसाला ती अडचण नाही.)

पांडवलेण्याच्या डोंगरातल्या दगडखाणीने याहूनही दुर्मीळ वस्तू दिली, ती म्हणजे पॉवेलाइट. हे कॅल्शियम आणि मॉलिब्डेनमचे खनिज. नाशिकचे मधाच्या रंगाचे, टोकदार स्फटिक १९८० च्या दशकात जगभरच्या संग्राहकांना ठाऊक झाले. अंधारात अतिनील किरण पडताच हा स्फटिक सोनेरी पिवळा उजळतो. स्पर्शाचीही गरज नाही. केवळ प्रकाश पुरतो. किरण थांबले की तो पुन्हा पहिल्यासारखा.

याच डोंगरात, क्रमांक दहाच्या लेण्यात, नहपानाचा जावई उषवदात याचा शिलालेख आहे. भिक्षूंसाठी त्याने ३,००० कार्षापण गोवर्धनच्या विणकरांच्या श्रेणींकडे ठेवले: २,००० दरमहा शेकडा एक व्याजाने, १,००० पाऊण टक्क्याने. मुद्दल परत घ्यायचे नाही, व्याज तेवढे वापरायचे. न झिजता देत राहणारी वस्तू हवी, ही आस कवींचीच नव्हे. ती हिशेबी दात्यालाही होती, आणि त्याने ती ज्या खडकात कोरली त्याच डोंगराच्या पोटात हे स्फटिक होते.

दगडखाण स्फटिकांसाठी खणली जात नाही. ती खणली जाते खडीसाठी. पोकळी फुटली तेव्हा कोणा जाणत्याची नजर गेली तर स्फटिक वाचतो, नाहीतर बेसाल्टाबरोबर भरडला जाऊन रस्त्यात आणि पायात जातो. नाशिकच्या वाढत्या वस्त्यांखाली असे किती गेले असतील! नजर असलेल्या मजुरांनी वाचवलेले नमुने परदेशी संग्रहांत पोचले. आपल्याकडे मात्र त्यांना साधी मराठी नावेसुद्धा मिळाली नाहीत. वर स्टिल्बाइट, स्कोलेसाइट असे लिहिताना आम्हांला ही उणीव सारखी जाणवत होती.

सिन्नरला या दख्खनी खनिजांचे एक खाजगी संग्रहालय आहे. त्याच्या दारावरचे नाव आहे 'गारगोटी'.