बसचालकाच्या जखमेचा अंक

हिंगोलीहून वाशिमकडे जाणाऱ्या हमरस्त्यावर कनेरगाव नाका हे गाव लागते. नावातील ‘नाका’ हा शब्द जुन्या सरहद्दीची खूण होय. अलीकडे निजामाचे राज्य आणि पलीकडे वऱ्हाड. वऱ्हाडचा कारभार १८५३ साली इंग्रजांच्या हाती गेला होता. ही सरहद्द मोडली ती १९४८ च्या सप्टेंबरात, हैदराबाद संस्थान भारतात विलीन झाले तेव्हा. तत्पूर्वीच ह्या मुलखात सरकारी मोटार आलेली होती. निजामाच्या रेल्वे खात्याने १९३२ साली २७ गाड्यांनिशी प्रवासी बस चालविण्यास आरंभ केला. मुंबई शहरात बस धावू लागली १९२६ साली, आणि पुणे-अहमदनगर मार्गावर राज्य परिवहनाची पहिली गाडी सुटली १ जून १९४८ रोजी.

मोटारीच्या पाठोपाठ अपघात आले, हे निराळे सांगावयास नको. समोरून ट्रक येऊन आदळला म्हणजे पहिला मार बहुधा चालकाला बसतो. त्याची छाती सुकाणूच्या चाकावर आपटते, गुडघे पुढील पत्र्यात अडकतात. त्याला दवाखान्यात नेल्यावर वहीत काय लिहावे, हा प्रश्न क्षुल्लक वाटेल; परंतु तो नीट सुटण्यास शतकाहून अधिक काळ लागला.

रोगांना व इजांना ठरावीक नावे आणि अंक देण्याच्या विद्येचा उगम मृत्यूच्या हिशेबात आहे. लंडन शहरात मृतांची साप्ताहिक यादी निघत असे. तिच्यावरून जॉन ग्रान्ट नामक कापड-व्यापाऱ्याने १६६२ साली आपले प्रसिद्ध पुस्तक रचले. एकोणिसाव्या शतकात विल्यम फार ह्या इंग्रज वैद्याने असा आग्रह धरला की एकाच रोगाला चार गावी चार नावे असतील, तर आकड्यांची बेरीज करण्यात अर्थ नाही. पुढे पॅरिसच्या झाक बर्तियों ह्यांनी केलेली मृत्युकारणांची यादी १८९३ साली शिकागोच्या परिषदेत मान्य झाली, आणि १९०० पासून सुमारे दर दहा वर्षांनी ती तपासून सुधारण्याचा प्रघात पडला.

ह्या यादीत मोठीच उणीव होती. ती केवळ मेलेल्यांची यादी होती. मांडी मोडून घेतलेला आणि वाचलेला चालक तिच्या हिशेबी नव्हताच! ही उणीव दूर झाली १९४८ च्या सहाव्या आवृत्तीत, म्हणजे नाक्यावरील सरहद्द मोडली त्याच वर्षी. नव्यानेच स्थापन झालेल्या जागतिक आरोग्य संघटनेने ते काम हाती घेतले, आणि मृत्यूबरोबर आजार व दुखापती ह्यांनाही यादीत जागा मिळाली. अपघाताकरिता दोन अंक योजले गेले: एक इजा कोणती झाली ह्याचा, दुसरा ती कशामुळे झाली ह्याचा. हाड मोडले हे एक, आणि ते ट्रकच्या धडकेने मोडले हे दुसरे. हा विचार फार मोलाचा होता. शल्यवैद्याला पहिला अंक पुरतो. रस्ता बांधणाऱ्याला आणि मजुराच्या कैवाऱ्याला दुसरा हवा असतो.

तथापि बसचालकाचे नशीब एवढ्याने उघडले नाही. १९७५ साली मान्य झालेली नववी आवृत्ती पाहावी. तीत रस्त्यावरील मोटार-अपघाताच्या अंकापुढे आणखी एक अंक जोडून जखमी कोण हे सांगण्याची सोय होती. ट्राममधील माणसाला तीत निराळा अंक होता, घोड्यावर बसलेल्याला किंवा बैलगाडीतल्या माणसाला होता, सायकलस्वारालाही होता. मात्र बस हाकणारा आणि स्वतःची मोटार हाकणारा गृहस्थ ह्या दोघांना मिळून एकच अंक. पोटासाठी गाडी हाकणे आणि हौसेने हाकणे ह्यांतला भेद यादीकारांना दिसला नाही, हे नवलच म्हटले पाहिजे.

ती चूक दहाव्या आवृत्तीने सुधारली. ती १९९० साली मंजूर झाली. तिने सारी मांडणीच फिरविली: आधी अपघात नव्हे, तर आधी जखमी माणूस व त्याचे वाहन. बसमधील जखमींसाठी ‘व्ही ७०’ ते ‘व्ही ७९’ अशी स्वतंत्र आळी राखली गेली. दहांहून अधिक माणसे नेण्यासाठी बनविलेली आणि खास परवाना लागणारी ती बस, अशी तिची व्याख्या. बसची टक्कर ट्रकशी किंवा दुसऱ्या बसशी झाली तर ७४, झाडावर किंवा कठड्यावर आदळली तर ७७, नुसतीच उलटली तर ७८. मोकाट बैल आडवा आला तर ७०. पण तोच बैल गाडीला जुंपलेला असला तर ७६! बाहेरच्या माणसाला हसू येईल, पण मराठवाड्याच्या रस्त्यावर हा भेद खराच आहे. बिंदूनंतर ५ आला तर सार्वजनिक रस्त्यावर जखमी झालेला चालक, ६ आला तर प्रवासी. चालक आगाराच्या आवारातच जखमी झाला तर ५ च्या ठिकाणी ०. शिवाय जखमी त्या वेळी काय करीत होता हे दाखविणारा एक जादा अंक घालता येतो. त्यात २ म्हणजे ‘मोबदल्यासाठी काम करीत असता’.

तेव्हा ट्रकच्या धडकेत मांडीचे हाड मोडलेल्या चालकाची पुरी नोंद अशी होते: ‘एस ७२’, ‘व्ही ७४.५’ आणि २. तीन खुणांत माणूस, त्याचा धंदा आणि त्याची जखम, सारे आले.

प्रत्यक्षात घडते काय? दवाखान्याच्या केसपेपरावर घाईघाईने ‘आर.टी.ए.’ ही तीन अक्षरे लिहिली जातात: रस्त्यावरील अपघात, एवढाच अर्थ. नोंद करणाऱ्या कारकुनाने त्यावरून काय ओळखावे? त्याला ‘व्ही ८९.२’ लिहिण्यावाचून गत्यंतर राहत नाही, आणि त्याचा अर्थ ‘कोणत्यातरी मोटार-अपघातात जखमी झालेली कोणीतरी व्यक्ती’ असा आहे. येथे कारकुनाला दोष देणे अन्याय्य होईल. कागदावर जे नाही ते त्याने अंकात आणू नये, हाच त्याच्या विद्येचा नियम आहे.

ह्याचा संबंध भाकरीशीही येतो. कामगारांच्या भरपाईचा १९२३ चा कायदा २०१० पासून २०२५ पर्यंत कर्मचारी भरपाई कायदा म्हणून ओळखला जात होता. त्याच्या परिशिष्टात अवयवांचे मोल शेकडेवारीने बांधलेले होते. अंगठा गेला तर कमाईची ताकद शेकडा ३० घटली असे धरीत. परंतु इजा नोकरीमुळे आणि नोकरी चालू असता झाली, हे आधी दिसावे लागते. वर्गवारीचा अंक हा काही निवाडा नव्हे. मात्र अंक ज्या कागदावरून काढला जातो, तोच केसपेपर पुढे पुराव्यात येतो. त्यावर ‘बसचालक, कामावर असता, ट्रकची समोरून धडक’ एवढे पाच-सहा शब्द पहिल्याच रात्री पडले असतील, तर वर्षभराने साक्षीदार हुडकीत हिंडण्याचा प्रसंग कमी येतो.

अकरावी आवृत्ती १ जानेवारी २०२२ पासून अमलात आली आहे. तीत अपघाताचे तपशील एकापुढे एक जोडीत जाण्याची सोय अधिक विस्तृत आहे. परंतु चालक शुद्धीवर नसेल, तर ते तपशील सांगणार कोण? बहुधा त्याचा वाहक. गाडी कोणती, फेरी कोणती, धडक कोठून बसली, हे त्याला ठाऊक असते. आणि दवाखान्याच्या दारात तो उभाच असतो.