पोटगी आणि महागाई



कामगार चळवळीत केस पिकलेल्या माणसाने पोटगीवर बोलावे याचे आपणांस नवल वाटेल. परंतु दोन्हींकडे प्रश्न एकच आहे : एकदा ठरलेली रक्कम भाव चढले तरी तशीच राहावी काय? मुंबईच्या गिरणी कामगारांनी १९४० साली महागाई भत्त्यासाठी मोठा संप केला. पुढे भत्त्याची निर्देशांकाशी सांगड बसली. टाकलेल्या बाईच्या पोटगीला अशी सांगड कायद्याने कधी घालून दिली नाही.

कायदा अगदीच मुका होता असे नव्हे. १८९८ च्या फौजदारी संहितेतील ४८८ व्या कलमाने मॅजिस्ट्रेटला पोटगी ठरविण्याचा अधिकार दिला, आणि ४८९ व्या कलमाने परिस्थिती पालटल्यास ती कमीजास्त करण्याचा. पण वर कमाल मर्यादा होती. दरमहा ५० रुपये. १९२३ साली १००. १९५५ साली ५००. पुढे १९७३ ची संहिता आली. कलमे १२५ आणि १२७ झाली, ५०० चा आकडा मात्र हलला नाही. महाराष्ट्राने १९९९ साली तो १५०० केला आणि २००१ साली संसदेने मर्यादाच काढून टाकली. म्हणजे आपल्या राज्यात ४४ वर्षे, पगार आणि भाव कितीही वाढोत, मॅजिस्ट्रेटचे हात ५०० रुपयांशी बांधलेले होते.

इंदूरच्या शाहबानो यांचा खटला धर्माच्या वादामुळे गाजला. त्यातला हिशेब फारसा कोणी पाहिला नाही. १९७९ साली खालच्या कोर्टाने दरमहा २५ रुपये दिले. नवरा वकील, बाईंच्या म्हणण्याप्रमाणे त्यांची वर्षाची मिळकत सुमारे ६० हजार. १९८० साली उच्च न्यायालयाने १७९ रुपये २० पैसे केले आणि १९८५ साली सर्वोच्च न्यायालयाने ते कायम ठेवले. ही वाढ परिस्थिती पालटली म्हणून नव्हे, पहिला आकडाच अपुरा होता म्हणून. सात वर्षांच्या झगड्यानंतरही हाती आले ते एवढेच.

आता आपल्या जिल्ह्याकडे या. २०११ च्या जनगणनेप्रमाणे नंदुरबारात शेकडा ६९ लोक आदिवासी आहेत. १९५५ चा हिंदू विवाह कायदा आणि १९५६ चा दत्तक व पोटगी कायदा, दोहोंत पोटगी वाढविण्याची सोय आहे. पण केंद्राच्या अधिसूचनेवाचून ते अनुसूचित जमातींना लागू होत नाहीत. म्हणून अक्कलकुव्याच्या वा धडगावच्या भिल्ल-पावरा बाईचा मुख्य आधार सर्वांना सारखी लागू असणारी संहिताच. १ जुलै २०२४ पासून तीच कलमे भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत १४४ आणि १४६ या आकड्यांनी आली आहेत. २००५ च्या घरगुती हिंसाचारविरोधी कायद्याचाही आधार आहे.

२०२० साली सर्वोच्च न्यायालयाने, महाराष्ट्रातूनच गेलेल्या रजनेश विरुद्ध नेहा या खटल्यात, पोटगीच्या दाव्यात दोन्ही पक्षांनी मालमत्ता व देण्यांचे प्रतिज्ञापत्र द्यावे असे ठरविले. बोनसच्या भांडणात मालकाचा ताळेबंद मागावा तसेच हे. पण ज्याची पगारचिठ्ठीच नाही त्याचे काय? दक्षिण गुजरातच्या कारखान्यांकडे ऊसतोडीला जाणारे नवराबायको मिळून एक कोयता धरतात. मुकादमाची उचल नवऱ्याच्या नावावर पडते. तिच्यातले अर्धे श्रम बायकोचे असतात. तिने टाकल्यावर मागितले तर नवरा म्हणतो, माझी कमाईच नाही! तेथे मुकादमाची वही आणि शेजाऱ्यांची साक्ष हाच पुरावा.

आणि एक गोष्ट पक्की ध्यानात ठेवावी. पोटगी आपोआप वाढत नाही. नवऱ्याचा पगार वाढला, मूल वरच्या शाळेत गेले, आजारपण आले, भाव चढले, तर बाईनेच अर्ज करावयाचा असतो. मजुरीचेही असेच असते, पण मजुरामागे संघटना उभी राहते. ही बाई तारखेला एसटीने एकटी जाते आणि दिवसाची मजुरी बुडविते. तालुक्याच्या ठिकाणी विधी सेवा समितीचा वकील तिला फुकट मिळू शकतो, हे तिला सांगणारा माणूस तरी आपल्यातून निघावा. जुन्या हुकुमाचा कागद पेटीत जपणारी बाई आपल्या गल्लीतही असेल. तो कागद कोणत्या सालचा आहे, एवढे आधी विचारा.