मिशी काढलेली तारामती

आमच्या कायझर्सलाउटर्नमध्ये एक जपानी बाग आहे. १९८८ मध्ये हे गाव आणि तोक्योतला बुंक्यो हा विभाग यांचे 'जुळ्या शहरांचे' नाते जमले, आणि २००० साली ही बाग लोकांसाठी खुली झाली. धबधबा, मासे असलेले तळे, छोटेसे चहाघर असा सगळा सरंजाम. फुटबॉल आणि अमेरिकी सैनिक यांच्यासाठी ओळखल्या जाणाऱ्या गावात ही बाग जराशी वाट चुकलेल्या पाहुण्यासारखी वाटते. मीही इथे तशीच, त्यामुळे आमचे जमते.

गेल्या उन्हाळ्यात प्रयोगशाळेतल्या एका जपानी सहकारिणीबरोबर तिथे बसले होते. विषय कसा कोण जाणे, जुन्या चित्रपटांवर गेला. तिने विचारले, "तुमच्याकडची पहिली नायिका कोण?"

"एक पुरुष," मी म्हटले. "हॉटेलात काम करायचा."

इथल्या लोकांना हे सांगितले की ते हसतात. ती हसली नाही. म्हणाली, "आमच्याकडेही तसेच होते," आणि तिने मला तेइनोसुके किनुगासा या नटाविषयी सांगायला सुरुवात केली. माझे शिक्षण पदार्थविज्ञानातले, चित्रपटाचा इतिहास ही निव्वळ हौस. पण त्या संध्याकाळपासून हे दोघे नट, मुंबईचे अण्णा साळुंके आणि तोक्योचा किनुगासा, माझ्या डोक्यात शेजारी शेजारी बसले आहेत. म्हणून हा लेख.

साळुंक्यांची गोष्ट आपण साधारणपणे फाळक्यांच्या गोष्टीतला एक गमतीदार प्रसंग म्हणून ऐकतो. १९१२ साल. दादासाहेब लंडनहून विल्यमसन कॅमेरा घेऊन परतले आहेत, दादरला घरातच कारखाना थाटला आहे, आणि 'राजा हरिश्चंद्र'साठी तारामती मिळत नाही. वर्तमानपत्रांत जाहिराती देऊन झाल्या. वेश्यावस्तीत जाऊन विचारून झाले. तिथल्या बायकांनीही नकार दिला. त्यांच्या धंद्यापेक्षा हे काम हलके, असा त्यांचाही समज. मग ग्रँट रोडवरच्या एका हॉटेलात चहा घेताना फाळक्यांची नजर तिथल्या एका आचाऱ्यावर पडली. सडपातळ बांधा, नाजूक हात. तिथे त्याला महिना दहा रुपये मिळत, फाळक्यांनी पंधरा देऊ केले.

एवढे सांगून आपण पुढे जातो. मला मात्र आता त्या पाच रुपयांपाशी थांबावेसे वाटते. दहाचे पंधरा म्हणजे दीडपट पगार. आज कोणी दीडपट पगार देऊ केला तर आपण देश बदलतो. आपल्यापैकी बऱ्याच जणांनी तो बदललेलाही आहे! साळुंक्यांना त्या बदल्यात काय करायचे होते? मिशी काढायची होती. त्या काळी मिशी काढणे ही न्हाव्याच्या खुर्चीत संपणारी गोष्ट नव्हती. वडील गेल्यावरच मुलगा मिशी काढतो, असा रिवाज. राणीच्या दासी झालेल्या इतर पुरुषांनीही याच कारणासाठी हट्ट धरला आणि फाळक्यांना त्यांची समजूत काढावी लागली, असे सांगतात. शिवाय 'सिनेमात काम करतो' असे उघड बोलायची सोय नव्हती. कोणी विचारलेच तर हरिश्चंद्राच्या कारखान्यात आहोत असे सांगा, अशी फाळक्यांची सूचना. तेव्हा ज्यांना आपण भारतीय चित्रपटाचे पहिले कलावंत म्हणतो, ते घरी खोटे बोलून कामावर येत होते.

काम चालले सहा महिने सत्तावीस दिवस. सरस्वतीबाई फाळके साऱ्या कंपनीचा स्वयंपाक करत आणि फिल्मला भोके पाडण्यापासून पांढरी चादर धरून उभे राहण्यापर्यंत पडेल ते काम करत. ३,७०० फुटांचा चित्रपट तयार झाला. २१ एप्रिल १९१३ रोजी ऑलिम्पियात निमंत्रितांसाठी खेळ झाला आणि ३ मे रोजी गिरगावातल्या कॉरोनेशनमध्ये तो लोकांसमोर आला. हरिश्चंद्र झाले होते द. दा. दाबके, रोहिदास फाळक्यांचा मुलगा भालचंद्र, आणि तारामती अण्णा साळुंके.

बायका का मिळाल्या नाहीत, याचे उत्तर 'जुना काळ' एवढेच देऊन चालणार नाही. आपल्या रंगभूमीवर तोपर्यंत पुरुषाने स्त्रीपार्ट करण्याची परंपरा चांगली रुळलेली होती. विष्णुदास भावे यांनी १८४३ मध्ये सांगलीत 'सीतास्वयंवर' केले तेव्हापासूनची. आणि ती नाइलाजाची परंपराही राहिली नव्हती, ती कला झाली होती. ज्या १९१३ मध्ये साळुंके तारामती झाले, त्याच वर्षी बालगंधर्वांनी आपली गंधर्व नाटक मंडळी काढली. त्यांच्या साड्या, त्यांची वेणी, त्यांचे चालणे पाहून घरंदाज बायका आपली राहणी बदलत होत्या. म्हणजे बाईने कसे दिसावे हे महाराष्ट्रात एक पुरुष ठरवत होता आणि बाईने रंगमंचावर येणे मात्र पाप होते. फाळक्यांना बाई हवी होती. समाजाला बाईचा पुरुषाने घडवलेला नमुना पुरेसा होता.

तरी बाई आली. त्याच वर्षी, फाळक्यांच्याच दुसऱ्या चित्रपटात. 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या आणि त्यांची कोवळ्या वयाची मुलगी कमला मोहिनी झाली. हीच पुढे कमलाबाई गोखले, चंद्रकांत गोखले यांची आई आणि विक्रम गोखले यांची आजी. दुर्गाबाई नवऱ्यापासून वेगळ्या राहून मुलीला घेऊन नाटक कंपनीत शिरल्या होत्या. ज्या समाजाने आधीच बाहेर काढले, त्याला आणखी घाबरायचे काय, असा तो निर्णय असावा.

इथे मला नेहमी एक प्रश्न पडायचा. १९१३ मध्येच बायका पडद्यावर आल्या, तर १९१७ च्या 'लंकादहन'मध्ये सीता पुन्हा साळुंकेच कशी? याचे उत्तर असे की, पहिली बाई आली म्हणजे दार उघडले असे होत नाही. एक बाई आत आली आणि तिच्यामागे दार पुन्हा लोटले गेले. विज्ञानात काम करणाऱ्या आम्हा बायकांना हे वेगळे सांगायला नको. 'पहिली' होण्याचा सत्कार होतो. दुसरी आणि तिसरी कधी आली, हे कोणी मोजत नाही.

'लंकादहन'मध्ये तर साळुंके सीताही झाले आणि रामही. आपल्या चित्रपटातली ही पहिली दुहेरी भूमिका. कथेची रचनाच सोयीची होती, कारण राम आणि सीता बहुतेक वेळ एकमेकांपासून दूर. पडद्यावर राम आला की प्रेक्षक हात जोडत, लोटांगण घालत. मुंबईत सकाळी सातपासून मध्यरात्रीपर्यंत खेळ चालत आणि मद्रासमध्ये तिकिटांची नाणी बैलगाडीतून, पोलिसांच्या पहाऱ्यात न्यावी लागली, असे सांगितले जाते. ज्याच्या हातचे जेवण पाच वर्षांपूर्वी लोक हॉटेलात पैसे टाकून खात होते, त्याच्यासमोर आता ते नारायण म्हणून आणि जगन्माता म्हणून वाकत होते.

आता तिकडे तोक्योत काय चालले होते ते पाहू. जपानमध्ये १६२९ मध्ये शोगुनच्या राजवटीने काबुकीत बायकांना बंदी केली. आपल्याकडे जे रिवाजाने झाले ते तिथे हुकमाने झाले. त्यातून स्त्रीभूमिका करणाऱ्या पुरुषांची, 'ओन्नागाता'ची, परंपरा घडली. चित्रपट आला तेव्हा तीही पडद्यावर आली. १८९६ साली जन्मलेला किनुगासा लहान वयात नाटक मंडळीत शिरला, स्त्रीपार्ट शिकला आणि विशीत निक्कात्सु कंपनीच्या चित्रपटांची नायिका झाला. साळुंके सीता होत होते त्याच सुमारास, १९१८ मध्ये, तो टॉलस्टॉयच्या नाटकावर आधारलेल्या 'जिवंत प्रेत' या चित्रपटात काम करत होता.

मग काळ बदलला. १९२० पासून शोचिकु या नव्या कंपनीने नट्यांना घ्यायला सुरुवात केली. १९२२ मध्ये निक्कात्सुही त्याच वाटेने निघाली, तेव्हा तिथले स्त्रीपार्टी नट कंपनी सोडून बाहेर पडले. त्यांत किनुगासाही होता. सहकारिणीने हे सांगितले तेव्हा मला आधी रागच आला. म्हणजे बायकांना काम मिळू नये म्हणून संप? ती म्हणाली, "त्यांनी लहानपणापासून तेवढीच एक गोष्ट शिकलेली होती." दोन्ही खरे. एकाला न्याय मिळताना दुसऱ्याची रोजी जाते आणि ती जाणारा माणूस दुष्ट असतोच असे नाही.

किनुगासा कॅमेऱ्यामागे गेला, दिग्दर्शक झाला. १९२६ मध्ये त्याने वेड्यांच्या इस्पितळात घडणारा 'वेडाचे एक पान' काढला. पुढे नोबेल मिळवणारे कावाबाता त्याच्या लेखनात होते. दोन वर्षांनी 'जुजिरो' काढला आणि त्याची रिळे बरोबर घेऊन तो युरोपात आला. बर्लिनमध्ये हा चित्रपट दाखवला गेला आणि जर्मन प्रेक्षकांनी जपानचा चित्रपट कदाचित पहिल्यांदाच गंभीरपणे पाहिला. १९५४ मध्ये त्याच्या 'नरकाचे द्वार'ला कान महोत्सवात सर्वोच्च पारितोषिक मिळाले, पाठोपाठ ऑस्करही. 'वेडाचे एक पान' नष्ट झाला असे सगळे धरून चालले होते, तो १९७१ मध्ये त्याच्याच घराच्या कोठारात सापडला. १९७७ मध्ये त्याने आठवणींचे पुस्तक लिहिले आणि १९८२ मध्ये तो गेला.

साळुंकेही कॅमेऱ्यामागे गेले. ही गोष्ट आपण कधी सांगतच नाही. फाळक्यांनी १९१८ मध्ये नाशिकला हिंदुस्थान फिल्म कंपनी काढली. साळुंके तिथे छायाचित्रणाकडे वळले. 'सत्यनारायण' (१९२२) आणि 'बुद्धदेव' (१९२३) यांत अभिनय करताना त्यांनी कॅमेराही सांभाळला. नट म्हणून त्यांच्या नावावर पाच चित्रपट आहेत, छायाचित्रकार म्हणून तिसाहून अधिक. १९३१ पर्यंत, म्हणजे 'आलम आरा' येऊन मूकपट बोलू लागेपर्यंत, ते काम करत राहिले. हॉटेलातला आचारी वीस वर्षांच्या आत यंत्राचा जाणकार झाला. हाताने चालवायचा कॅमेरा, सूर्यप्रकाश बघून ठरवायचे सगळे गणित. मी रोज प्रकाशाचीच मोजमापे करते, त्यामुळे सांगते, ही फार अवघड विद्या आहे. आणि आपण त्यांना ओळखतो कशासाठी? नाजूक हातांसाठी.

आपल्या इतर स्त्रीपार्टी नटांचे असे झाले नाही. बालगंधर्वांनी 'धर्मात्मा'त (१९३५) एकनाथ केला, पडद्याने त्यांना साथ दिली नाही, पण नाव राहिले. स्त्रीपार्ट करून पुढे आलेले विष्णुपंत पागनीस १९३६ मध्ये प्रभातचे तुकाराम झाले आणि तो चित्रपट व्हेनिसपर्यंत पोचला. साळुंक्यांच्या मागे ना गाणे होते ना नाटक कंपनी. मूकपटातला माणूस, त्याचा आवाजही उरला नाही. 'राजा हरिश्चंद्र'च्या चार रिळांपैकी पहिले आणि शेवटचे तेवढे आज आहे. आणि तेही १९१३ चे, की फाळक्यांनी १९१७ मध्ये पुन्हा काढलेल्या आवृत्तीचे, यावर अभ्यासकांचे एकमत नाही.

हे सगळे मला इतके का लागले, याचे कारण घरचे आहे. माझ्या आजोबांचे थोरले भाऊ कुडाळकडे दशावतारात स्त्रीपार्ट करायचे. आम्ही त्यांना तात्या म्हणायचो. मला आठवतात ते खळ्यात बसून सुपारी कातरणारे तात्या. त्यांच्या पार्टाबद्दल घरात कोणी बोलत नसे. लग्नाच्या बोलणीत अडचण नको म्हणून एकुलता एक फोटो कोणीतरी फाडून टाकला, असे मला आई सांगते. दशावतारात आजही पुरुषच स्त्रीपार्ट करतात, लोक रात्रभर बसून बघतात, सकाळी नमस्कारही करतात. नमस्कार देवीला. नटाला मुलगी द्यायची वेळ आली की हिशेब वेगळा.

तात्यांना मी कधी काही विचारले नाही. मी अकरावीत असताना ते गेले.

परवा आईला फोन करून म्हटले, तात्या कुठल्या कुठल्या भूमिका करायचे, तुला आठवेल तेवढे सांग, मी लिहून घेते. आई आधी म्हणाली, "आता कशाला ते?" मग थोडा वेळ गप्प राहिली. मग म्हणाली, "तारामती करायचे. हरिश्चंद्राच्या खेळात. मी लहान असताना पाहिली होती. स्मशानातल्या प्रसंगाला मी इतकी रडले, की मध्येच रंगपटात नेऊन मला दाखवावे लागले, हे बघ, हे तात्याच आहेत."

मी ते तारखेसकट वहीत लिहून ठेवले. तुमच्याही घरात असा एखादा फाडलेला फोटो असेल, तर फोन करायला उशीर करू नका.