‘धरावे’, ‘मारावे’ आणि जमावाचा अपराध

दहाजणांनी मिळून एकास गाठले, प्राणघातक घाव मात्र एकाचाच; तर खुनी किती? सातारा-सांगलीकडे बांधावरून मारामारी जुंपली व माणूस दगावला, म्हणजे न्यायालयापुढे हाच प्रश्न येतो. त्याचे गाजलेले उदाहरण पुण्याचे आहे. न्यायाधीश मात्र साताऱ्याजवळील माहुलीचे.

३० ऑगस्ट १७७३ रोजी शनिवारवाड्यात गारद्यांनी अठरा वर्षांच्या नारायणराव पेशव्यांचा वध केला. चुलते राघोबादादांस बिलगलेल्या पुतण्यास तुळाजी पवाराने ओढले व सुमेरसिंगाने वार केले, असे सांगतात. दादांच्या बाजूने म्हणणे असे की, मूळ हुकूम ‘धरावे’ असा होता. त्याचे ‘मारावे’ दुसऱ्याने केले. साताऱ्यास इंग्रजांचा प्रतिनिधी राहिलेल्या ग्रँट डफने १८२६ च्या आपल्या इतिहासात ही हकीकत दिली आहे. अक्षर कोणी बदलले याचा काथ्याकूट पुष्कळ झाला; आमच्या मते तो गौण होय. रामशास्त्री प्रभुण्यांनी दादांस देहान्त प्रायश्चित्त सांगितले आणि पद सोडून ते वाईजवळ जाऊन राहिले.

१८६० च्या दंडसंहितेचे १४९ वे कलम, जे १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहितेचे १९० वे झाले, म्हणते: पाच वा अधिक जणांच्या बेकायदा जमावाच्या समान उद्देशासाठी एकाने गुन्हा केला, किंवा तो घडण्याचा संभव जमावास ठाऊक होता, तर त्यातील प्रत्येकजण दोषी. निव्वळ बघ्यास हे लागत नाही. तुळाजी मात्र शस्त्र न उचलताही यात सापडला असता. चिथावणी देणाऱ्याच्या माथीही तिचा संभाव्य परिणाम येतोच. मग ‘धरावे’ हाच हुकूम खरा धरला, तरी सशस्त्र गारदी वाड्यात सोडताना रक्तपाताचा संभव दादांस दिसला नसेल काय?