बनारसची लाख आणि लाकडावरचा रंग

वाराणसीच्या काश्मीरीगंज आणि खोजवाँ या वस्त्यांत लाकूड कातून त्यावर लाखेचा रंग चढवण्याचा व्यवसाय पिढ्यानपिढ्या चालत आला असून, भातुकलीची भांडी, खेळणी आणि लग्नविधीत लागणारी सिंदूरदाणी ही त्याची प्रसिद्ध निर्मिती होय. पळस, बोर, कुसुम अशा झाडांवर राहणारे कीटक जो राळेसारखा स्राव सोडतात, तीच लाख. तिच्यात रंग मिसळून कांडी वळली जाते. खरादेवर, म्हणजे लाकूड फिरवून कातण्याच्या यंत्रावर, गरगरणाऱ्या वस्तूला ही कांडी दाबून धरली की घर्षणाच्या उष्णतेने लाख वितळते, लाकडाला घट्ट बिलगते आणि मग केवड्याच्या पानाने घासून तिला चकाकी आणली जाते.

ही रीत गोल वस्तूंपुरतीच चालते. कपाट किंवा मेज यांचा सपाट पृष्ठभाग खरादेवर फिरवता येत नाही. तेथेही लाखच वापरली गेली, पण निराळ्या रूपात. बनारसच्या शेजारचे मिर्झापूर एकोणिसाव्या शतकात लाख शुद्ध करून चपडा, म्हणजे तिचे पातळ पापुद्रे, बनवण्याचे मोठे केंद्र होते. हा चपडा स्पिरिटमध्ये विरघळवून कापडाच्या बोळ्याने अनेक पातळ थरांत लावला की फ्रेंच पॉलिश होते आणि युरोपातील उंची फर्निचरची झळाळी या पॉलिशवरच अवलंबून होती. 1920 च्या दशकात झटपट वाळणारे नायट्रोसेल्युलोज लॅकर आले, ते हवेच्या दाबाने फवारता येऊ लागले आणि हाताने चढवायच्या थरांची गरज ओसरली.

पुढे बऱ्याच फर्निचरमध्ये उघड्या लाकडाची जागा लॅमिनेटने, म्हणजे राळेत भिजवलेले कागद उष्णता व दाबाने एकजीव करून बनवलेल्या तक्त्याने, घेतली. त्याला लाकडासारखी छिद्रे नसल्यामुळे रंग मुरत नाही. म्हणून घरी लॅमिनेटवर रंग फवारतानाही आधी पॉलिश पेपरने घासून पृष्ठभाग खरखरीत करावा लागतो आणि पकड देणारा प्रायमर लावावा लागतो, अन्यथा रंगाचे पापुद्रे सुटतात.

बनारसच्या कारागिरांनाही साहित्य बदलावे लागले: कोरैया नावाचे मऊ, पांढरट लाकूड तोडण्यावर बंधने आली, तेव्हा निलगिरी वापरात आली. त्यांच्या लाखकामाला भौगोलिक मानांकन मिळाले, हे उचितच झाले. कारण रंगाचे आयुष्य त्याच्या चकाकीपेक्षा त्याच्या पकडीवर ठरते, हे ज्ञान या खरादी कुटुंबांनी रसायनशास्त्राच्या मदतीवाचून, केवळ हाताच्या अनुभवाने जपले आहे.