परळचं १९८६ सालचं बाळ आणि नंतरचे पंधरा दिवस

टेस्ट ट्यूब बेबीचा इतिहास सांगताना सगळे काचेच्या बशीपाशीच थांबतात. बीज आणि शुक्रजंतू बाहेर एकत्र आले, झालं! पण गर्भ गर्भाशयात सोडल्यावर तो तिथे टिकावा कसा, हा प्रश्न त्याहून जुना आहे आणि जास्त छळणारा आहे. आज त्याबद्दल लिहितोय. पोस्ट लांब आहे, वेळ असेल तेव्हा वाचा.

आम्हा शीव कोळीवाडावाल्यांना सायन हॉस्पिटल घरचं आणि केईएम शेजारचं. त्याच केईएममध्ये, म्हणजे महापालिकेच्या दवाखान्यात, ६ ऑगस्ट १९८६ ला हर्षा चावडा जन्मली. डॉक्टर इंदिरा हिंदुजा, आणि शेजारच्याच प्रजनन संशोधन संस्थेचे डॉ. टी. सी. आनंद कुमार. गंमत बघा, या संस्थेचं मूळ गर्भनिरोधकं तपासणाऱ्या केंद्रात आहे. सरकार 'दोन किंवा तीन पुरे' म्हणत होतं, त्या काळातलं!

आता मुद्द्यावर येतो. दर महिन्याला बीज बाहेर पडलं की त्याची रिकामी पुटिका पिवळी गाठ बनते. तिला पीतपिंड म्हणतात. ती प्रोजेस्टेरॉन बनवते, आणि त्याने गर्भाशयाचं अस्तर गर्भाला रुजवून घेण्याजोगं होतं. १९२९ साली अमेरिकेत जॉर्ज कॉर्नर आणि विलार्ड ॲलन यांनी गाभण सशिणींची बीजांडं काढून टाकली आणि पीतपिंडाचा अर्क टोचत राहून त्यांचा गर्भ टिकवून दाखवला. १९३४ मध्ये हे द्रव्य शुद्ध रूपात हाती आलं. पुढे १९७० च्या दशकात चापो यांनी स्त्रियांमध्ये दाखवलं की साधारण सातव्या आठवड्याआधी पीतपिंड काढलं तर गर्भ पडतो. त्यानंतर वार हे काम अंगावर घेते.

आयव्हीएफमध्ये अडचण इथेच होते. भरपूर बीजं मिळावीत म्हणून जी इंजेक्शनं देतात त्यांच्यामुळे शरीराचा स्वतःचा हुकूम दबतो आणि पीतपिंड वेळेआधीच थकतं. मग बाहेरून आधार द्यावा लागतो. इंग्लंडमध्ये एडवर्ड्स आणि स्टेप्टो यांनीही आधार दिला होता, पण त्यांनी वापरलेल्या प्रिमोल्युट डेपोनेच गर्भ टिकत नसावा, असं एडवर्ड्सना पुढे वाटू लागलं. शेवटी त्यांनी उत्तेजक औषधं सोडली, निसर्गाच्या एका बीजावर भिस्त ठेवली, आणि २५ जुलै १९७८ ला लुईस ब्राऊन आली.

कोलकात्याचे डॉ. सुभाष मुखर्जी यांनी हाच पेच वेगळ्या बाजूने सोडवला. इंजेक्शनं दिली, पण त्याच महिन्यात गर्भ सोडला नाही. ५३ दिवस गोठवून ठेवला आणि नंतरच्या पाळीचक्रात सोडला. ३ ऑक्टोबर १९७८ ला दुर्गा जन्मली. सरकारी समितीने त्यांना खोटं ठरवलं. १९८१ साली बदली डोळ्यांच्या संस्थेत! त्याच वर्षी १९ जूनला त्यांनी आत्महत्या केली. १९९७ मध्ये त्यांचे कागद वाचून 'पहिलं श्रेय यांचं' असं जाहीर लिहिलं ते आपल्या परळच्याच आनंद कुमारांनी. स्वतःच्या नावामागचं 'पहिला' स्वतःच खोडणारा माणूस मला तरी दुसरा आठवत नाही.

आज गोठवलेला गर्भ सोडणं रोजचं झालंय. ज्या पद्धतीत गोळ्यांनीच अस्तर तयार करतात तिथे पीतपिंड नसतंच, म्हणजे सगळा भार बाहेरच्या प्रोजेस्टेरॉनवर. योनीत ठेवायच्या कॅप्सूल, जेल, नाहीतर तेलातलं इंजेक्शन. ते इंजेक्शन कमरेखाली गाठी आणतं, बसता येत नाही. डायड्रोजेस्टेरॉनच्या तोंडाने घ्यायच्या गोळ्याही योनीतल्या औषधाइतक्याच चालतात, हे ताज्या गर्भरोपणाबाबत २०१७-१८ च्या मोठ्या चाचण्यांत दिसलं. औषध रक्ततपासणीपर्यंत, आणि दिवस राहिले तर पुढेही डॉक्टर सांगतील तोवर चालू ठेवायचं. थोडं रक्त दिसलं म्हणून मनानेच बंद करायचं नाही.

आणि घरात काय चालतं? 'जिना का चढलीस? बादली का उचललीस?' आमच्या गल्लीतल्या एका वहिनींना पंधरा दिवस पलंगावरून उतरू दिलं नाही आणि नकार आला तेव्हा दोषही त्यांनाच. अहो, अशा अंथरुणात पडून राहण्याने गर्भ जास्त रुजत नाही, हे अभ्यासांतून दिसून आलंय. पुष्कळदा गर्भातच दोष असतो, तिथे बादलीचा काय संबंध?

२०२१ चा एआरटी कायदा आला, केंद्रांची नोंदणी आली, बाईसाठी २१ ते ५० वयाची अट आली. खर्चाचं काय? आयुष्मान भारतमधून वंध्यत्वाचे उपचार वगळलेले आहेत. हर्षा महापालिकेच्या वॉर्डात जन्मली होती. निवडणुकीत मत मागायला येतील त्यांना सायन आणि केईएममध्ये हे उपचार, आणि त्यानंतरची ही इंजेक्शनंसुद्धा, कोणत्या दरात देणार ते विचारा. मी विचारणार आहे.