निवडणूक याचिका (निसटत्या निकालांचे वाद)

निवडून आलेल्या उमेदवाराची निवड रद्द ठरवावी, यासाठी न्यायालयात केलेला अर्ज. राज्यघटनेच्या अनुच्छेद ३२९नुसार लोकसभा व विधानसभेच्या निवडणुकीला आव्हान द्यायचे तर हाच एक मार्ग आहे. कार्यपद्धती लोकप्रतिनिधित्व अधिनियम, १९५१ मध्ये दिली आहे. याचिका उमेदवार किंवा त्या मतदारसंघातील कोणताही मतदार करू शकतो. मुदत ४५ दिवसांची, अनामत २,००० रुपये. मराठवाड्यातील याचिका मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठात चालतात. हे खंडपीठ औरंगाबाद शहरातील गारखेडा भागापासून जवळच, जालना रस्त्यावर आहे.

निसटता पराभव हे स्वतः याचिकेचे कारण होत नाही, आणि पराभूतांची गल्लत बहुधा इथेच होते. गारखेडा ज्यात मोडते त्या औरंगाबाद लोकसभा मतदारसंघात २०१९ साली इम्तियाज जलील ४,४९२ मतांनी निवडून आले. फरक याहून कितीही कमी असला, तरी कायद्याचा भंग झाला आणि त्याने निकाल फिरला, या दोन्ही गोष्टी सिद्ध कराव्या लागतात. विजयी उमेदवाराचे भ्रष्ट आचरण सिद्ध झाल्यास मात्र निकालावरील परिणाम वेगळा दाखवावा लागत नाही.

पहिली संधी मतमोजणीच्या टेबलावरच असते. फेरमोजणीचा अर्ज कारणांसह लेखी, निकाल जाहीर होण्याआधी द्यावा लागतो. समसमान मते पडल्यास चिठ्ठी टाकतात. २०१७ साली मुंबई महापालिकेच्या प्रभाग २२० मध्ये दोन उमेदवारांना प्रत्येकी ५,९४६ मते पडली आणि चिठ्ठीने अतुल शहा नगरसेवक झाले.

२०२४ साली मुंबई उत्तर-पश्चिम मतदारसंघात रवींद्र वायकर ४८ मतांनी जिंकले. यंत्रांवरील मोजणीत अमोल कीर्तिकर एका मताने पुढे होते. टपाली मतांत वायकरांना १,५५० आणि कीर्तिकरांना १,५०१ मते मिळाली. आपल्या नावावर दुसरेच कोणी मत टाकून गेल्याचे कळल्यावर खऱ्या मतदाराला कागदी मतपत्रिकेवर जे ‘प्रदत्त मत’ देता येते, त्यावर कीर्तिकरांच्या याचिकेचा भर होता. त्या मतांनी निकाल कसा बदलला असता, याचा आवश्यक तपशील याचिकेत नाही, असे म्हणून उच्च न्यायालयाने डिसेंबर २०२४ मध्ये ती फेटाळली.

मराठवाड्यातून देशभर गाजलेला खटला जालन्याचा. २०१४ च्या विधानसभा निवडणुकीत अर्जुन खोतकर यांना ४५,०७८ आणि कैलास गोरंट्याल यांना ४४,७८२ मते पडली, फरक २९६. गोरंट्याल यांच्या याचिकेचा रोख मोजणीवर नव्हताच, घड्याळावर होता. उमेदवारी अर्जाची वेळ २७ सप्टेंबरला दुपारी तीन वाजता संपत होती. निवडणूक कार्यालयातील चित्रीकरणावरून खोतकरांचे अर्ज ३ वाजून ५३ मिनिटांनी सादर झाल्याचा निष्कर्ष औरंगाबाद खंडपीठाने काढला आणि २४ नोव्हेंबर २०१७ रोजी निवड रद्द ठरवली. विजयी उमेदवाराचाच अर्ज चुकीने स्वीकारला गेला, की मतांचा हिशेब मांडत बसण्याची गरज उरत नाही.

सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०१७ मध्ये या निकालाला स्थगिती दिली. पुढे प्रश्न उभा राहिला तो चित्रीकरणाच्या सीडीचा: इलेक्ट्रॉनिक नोंदींसाठी लागणारे साक्षीपुरावा कायद्याच्या कलम ६५-ब चे प्रमाणपत्र सोबत नसताना ती पुराव्यात चालेल का? अधिकाऱ्यांकडे वारंवार मागूनही ते मिळाले नव्हते. १४ जुलै २०२० रोजी तीन न्यायमूर्तींच्या पीठाने मूळ साधन न्यायालयात हजर केले नसेल तर प्रमाणपत्र अनिवार्य ठरवले. मात्र पक्षकाराने शक्य ते सारे करूनही ते मिळाले नसेल तर सूट देता येते, असे सांगून खोतकरांचे अपील खर्चासह फेटाळले. आज फौजदारी खटल्यांतही हा निवाडा दाखवला जातो. संबंधित तरतूद आता भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ मध्ये आहे.

जालनेकरांच्या पदरात मात्र फारसे काही पडले नाही. याचिका सहा महिन्यांत निकाली काढण्याचा प्रयत्न करावा, असे कायदा म्हणतो. इथे अंतिम निकाल लागला तेव्हा ती विधानसभा मुदत संपून विसर्जित झालेली होती आणि २०१९ ची निवडणूक गोरंट्याल जिंकून बसले होते. सहा महिन्यांची तरतूद ही शोभेचीच म्हटली पाहिजे.

स्थानिक निवडणुकांचे वाद उच्च न्यायालयापासून नव्हे, खालच्या न्यायालयापासून सुरू होतात आणि मुदतही फार थोडी असते. जिल्हा परिषद व ग्रामपंचायतीसाठी १५ दिवस, महापालिकेसाठी अवघे १० दिवस. त्यामुळे गारखेड्यातील एखाद्या प्रभागाच्या निकालाला आव्हान द्यायचे असेल, तर ४५ दिवसांच्या भरवशावर राहू नये.